आडनावाचा झाला शब्द



'बॉयकॉट' हा शब्द आपल्या तोंडी पक्का बसलेला आहे. मोर्चाच्या पत्रकात तो असतो, निवडणूक आली की भिंतीवर असतो. पण हे एका माणसाचे आडनाव आहे, हे फार थोड्यांना ठाऊक असते. असे शब्द पुष्कळ आहेत. डिझेल हे रुडॉल्फ डिझेल या इंजिनिअरचे आडनाव. अंध बांधवांची ब्रेल लिपी लुई ब्रेलची. रोजगार हमीच्या कामावर ज्याला 'डब्ल्यू.बी.एम.'चा रस्ता म्हणतात, त्यातला 'एम' म्हणजे मॅकॅडम, एक स्कॉटिश गृहस्थ. त्या रस्त्याची खडी फोडणाऱ्या बाईचे नाव मात्र कोणत्याही अक्षरात नाही.

पण आज बॉयकॉटचीच गोष्ट सांगायची आहे, कारण तिचे धागेदोरे आपल्या दारापर्यंत येतात.

चार्ल्स बॉयकॉट हा इंग्रज. आयर्लंडच्या मेयो परगण्यात लॉर्ड अर्न नावाच्या जमीनदाराचा तो कारभारी होता. खोताचा कारभारी म्हटले की कोकणातल्या वाचकांना वेगळे समजावून सांगायला नको. १८७९ साली तिकडे पीक बुडाले. पुढच्या वर्षी कुळांनी खंडात चौथा हिस्सा सूट मागितली. मालक तेवढी द्यायला तयार होईना. १८८० च्या सप्टेंबरात बॉयकॉटने कुळांना जमिनीवरून काढण्याच्या नोटिसा धाडल्या. नोटिसा घेऊन आलेल्या माणसाला गावच्या बायांनी चिखल आणि शेण मारून परत पिटाळले!

त्याच महिन्यात १९ तारखेला आयरिश पुढारी पार्नेल यांनी एनिस येथील सभेत लोकांना सांगितले होते की, काढून टाकलेल्या कुळाची जमीन घेणाऱ्याला मारू नका, त्याच्याशी बोलणे-चालणे टाका. रस्त्यात, दुकानात, बाजारात, चर्चमध्ये त्याला एकटा पाडा. मेयोच्या लोकांनी तेच केले. बॉयकॉटचे गडी गेले, घरातली नोकरमंडळी गेली, लोहार येईना, धोबीण येईना, दुकानदार माल देईना. शेतात उभे पीक आणि कापायला माणूस नाही, अशी गत झाली. मग उत्तरेकडून पन्नास मजूर आणले आणि त्यांच्या रक्षणाला शेकडो सैनिक आणि पोलीस उभे केले. आम्ही कारकून माणसे, आमची नजर आधी हिशेबावर जाते. सुमारे पाचशे पौंडांचे पीक काढायला दहा हजार पौंड खर्च झाल्याचा अंदाज तेव्हा निघाला. डिसेंबर उजाडताच बॉयकॉट कुटुंबासह आयर्लंड सोडून गेला.

या प्रकाराला म्हणायचे काय? इंग्रजीत जुना जड शब्द होता, पण तो कुणब्यांच्या जिभेवर बसणारा नव्हता. तिथले पाद्री ओ'मॅली यांनी सुचवले की, सरळ 'बॉयकॉट करणे' म्हणा. वर्ष संपायच्या आत तो शब्द वर्तमानपत्रांत आला आणि पुढे फ्रेंच, जर्मन, रशियन भाषांतही गेला.

आता आपल्याकडे या. आपल्याकडे ही गोष्ट नवी नव्हतीच, आणि तिला कोणा साहेबाचे आडनाव लावायची गरजही नव्हती. बाबासाहेबांनी १९२४ साली स्थापलेल्या सभेचे नाव 'बहिष्कृत हितकारिणी सभा'. महाडच्या चवदार तळ्याच्या सत्याग्रहानंतर १९२७ च्या एप्रिलात काढलेल्या पत्राचे नाव 'बहिष्कृत भारत'. फरक एवढाच, की आयर्लंडात कुळांनी कारभाऱ्याला वाळीत टाकले, इथे गावाने कुळाला टाकले. शब्द एकच, पण दिशा उलटी. आयर्लंडात ते गरिबाचे एकमेव हत्यार होते. आपल्या गावात ज्याच्या हाती आधीच जमीन, विहीर आणि दुकान आहे त्याच्याच हातात ते आणखी एक हत्यार झाले. 'बहिष्कार' म्हटला की तो कोणी कोणावर टाकला हे आधी विचारावे, असे आम्हाला वाटते ते यासाठी.

मुंबई सरकारने १९२८ साली नेमलेल्या स्टार्ट समितीत बाबासाहेब सभासद होते. आपला माणूस हक्क बजावू लागला की त्याची कुळाची जमीन काढणे, मजुरी बंद करणे, पायवाट अडवणे, वाण्याने मीठ-मिरची न देणे, हे सारे त्या समितीच्या अहवालात आले. गोलमेज परिषदेत बाबासाहेबांनी मागितले की बॉयकॉट हा गुन्हा ठरवा. त्यासाठी त्यांनी ब्रह्मदेशात १९२२ साली झालेल्या बॉयकॉटविरोधी कायद्यातील कलमे जवळपास जशीच्या तशी घेतली. १९४७ च्या 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज'मध्येही ती मागणी आहे. म्हणजे एका जमीनदाराच्या कारभाऱ्याचे आडनाव फिरत फिरत आपल्या संरक्षणाच्या मसुद्यात येऊन बसले! पुढे नागरी हक्क संरक्षण कायद्यात बॉयकॉटची व्याख्या आली, ॲट्रॉसिटी कायद्यात २०१५ च्या दुरुस्तीने सामाजिक आणि आर्थिक बहिष्काराचे कलम आले, आणि महाराष्ट्राने सामाजिक बहिष्काराविरुद्ध केलेला २०१६ चा स्वतंत्र कायदा २०१७ पासून लागू झाला. हे तिन्ही कायदे प्रत्येक विहाराच्या कपाटात असावेत.

शब्दांप्रमाणे झाडांनाही माणसांची नावे लागतात. शास्त्रज्ञ त्यांना 'जाती' म्हणतात, पण ही जात पाने-फुले तपासून ठरते आणि चुकली तर बदलताही येते. दक्षिण अमेरिकेतल्या सुरिनाममध्ये क्वासी नावाचा एक आफ्रिकी गुलाम होता. एका कडू लाकडाने तो ताप उतरवीत असे. ते झाड लिनियस या स्वीडिश पंडितापर्यंत पोहोचले आणि त्याने त्याला 'क्वासिया' नाव दिले. राजेरजवाडे आणि प्रोफेसरांच्या यादीत एका गुलामाचे नाव! क्वासी काही संत नव्हता. मळ्यांतून पळालेल्या गुलामांविरुद्ध त्याने गोऱ्या मालकांना मदत केली, हेही मुलांना सांगावे.

आपल्या जवळचे उदाहरण केरळातले आहे. कोचीनचा डच गव्हर्नर व्हॅन ऱ्हीड याने मलबारच्या वनस्पतींवर 'होर्टुस मलबारिकुस' हा बारा खंडांचा ग्रंथ १६७८ ते १६९३ या काळात ॲमस्टरडॅमला छापविला. त्याला रंग भट, विनायक पंडित आणि आप्पू भट या कोकणी ब्राह्मण वैद्यांनी साहाय्य केले. त्यांचे नागरी लिपीतले कोकणी प्रशस्तिपत्र ग्रंथात छापलेले आहे. पण त्यांच्याबरोबर चौथा माणूस होता इट्टी अच्युदन, एळवा समाजातला वैद्य. केरळात तो समाज अवर्ण गणला जाई. नारायण गुरू याच समाजातले. पिढीजात ताडपत्रांची विद्या अच्युदनपाशी होती आणि त्याचेही प्रशस्तिपत्र ग्रंथात मानाने छापले गेले. पुढे ब्लूम नावाच्या शास्त्रज्ञाने एका वनस्पतीच्या कुळीला त्याच्यावरून 'अच्युडेमिया' नाव दिले. नंतर काही अभ्यासकांनी ती कुळी 'पायलिया' या मोठ्या कुळीत मिसळली. आम्हाला त्याची हळहळ वाटते, पण शास्त्राचा नियम सर्वांना सारखा असतो हे मान्य करावे लागते.

त्याच शास्त्रात २०२४ साली एक वेगळी गोष्ट घडली. माद्रिदच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने ठरवले की, आफ्रिकी माणसाला हिणवण्यासाठी वापरलेल्या शब्दावरून पडलेली दोनशेहून अधिक वनस्पतींची नावे बदलायची. आपल्या पांगाऱ्याच्या नात्यातले एक आफ्रिकी झाड आहे. त्याच्या नावातला 'काफ्रा' हा शब्द 'आफ्रा' झाला. एक अक्षर गळाले आणि शिवी गेली.

आपल्या राज्यातही मंत्रिमंडळाने डिसेंबर २०२० मध्ये वस्त्यांची जातिवाचक नावे काढून समतानगर, भीमनगर, शाहूनगर अशी नावे देण्याचा निर्णय घेतला. पण गावाच्या पाटीवर भीमनगर आणि वीजबिलावर जुनेच नाव, असे काही ठिकाणी असू शकते. या रविवारी घरातले वीजबिल, शिधापत्रिका आणि मुलांचे शाळेचे दाखले पाहा. जुने नाव निघाले तर वस्तीतल्या पाच-दहा जणांच्या सह्या घेऊन ग्रामपंचायतीत लेखी अर्ज द्या आणि पोच घ्यायला विसरू नका.