शहाण्यानें कोर्टाची पायरी
शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, ही म्हण आपण लहानपणापासून ऐकत आलों आहों. वडिलोपार्जित वाड्याच्या वांटणीसाठीं पिढ्यान् पिढ्या भांडणाऱ्या भाऊबंदांस ती लागू पडेल. परंतु घरच्या लेकीच्या जिवाचा व अब्रूचा प्रश्न असतां तीच म्हण तिच्या तोंडावर फेकणें हें शहाणपण नव्हे.

पंचवटींतील एखादें एकत्र कुटुंब डोळ्यांपुढें आणावें. लेक घटस्फोट घेऊन माहेरीं आली आहे. नोकरी करून स्वतःचें व मुलाचें पोट भरीत आहे. परंतु पूर्वीचा नवरा पिच्छा सोडीत नाहीं. कधीं कचेरीच्या फाटकाशीं उभा राहतो, कधीं मध्यरात्रीं फोनवरून शिव्या देतो, कधीं तिच्या भावास धमकावतो. ‘बोभाटा करूं नका, आपोआप थंड होईल,’ असें वडील मंडळी म्हणतात. यांत माया नसते असें नाहीं. पण त्या मायेच्या पोटीं भीति असते, आणि समोरचा ती बरोबर ओळखतो.

1884 सालीं मुंबईस दादाजी भिकाजी यांनीं रखमाबाईंस नांदावयास आणण्यासाठीं दावा लावला. 1885 सालीं न्या. पिन्ही यांनीं तो फेटाळला. परंतु अपिलानंतर मार्च 1887 मध्यें न्या. फॅरन यांनीं, नवऱ्याकडे जा, नाहींतर सहा महिने तुरुंग भोगा, असा निकाल दिला. रखमाबाईंनीं तुरुंग पत्करण्याची तयारी दाखविली. 1888 सालीं तडजोड झाली, आणि पुढें त्या डॉक्टर झाल्या. तेव्हां न्यायासन नवऱ्याच्या हातचें शस्त्र होतें. आज तें स्त्रीची ढाल होऊं शकतें.

ही ढाल म्हणजे कौटुंबिक हिंसाचाराविरुद्ध स्त्रियांस संरक्षण देणारा 2005 सालचा कायदा. तो 26 ऑक्टोबर 2006 पासून अमलांत आहे. घटस्फोट झाला म्हणजे हा मार्ग बंद झाला, ही समजूत चुकीची आहे. आधीं केलेल्या छळाची जबाबदारी घटस्फोटानें पुसली जात नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें मुंबईच्या एका प्रकरणांत 2014 सालीं स्पष्ट केलें. शिवाय पाठलाग करणें हा भारतीय न्याय संहितेच्या कलम 78 प्रमाणें स्वतंत्र गुन्हा आहे. त्याची फिर्याद पोलिसांत देतां येते.

अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांकडे करावयाचा, तोहि ती जेथें राहते तेथें. नाशिकास आलेल्या मुलीस सासरच्या गांवीं खेटे घालावे लागत नाहींत. पहिली तारीख साधारणतः तीन दिवसांच्या आंत द्यावी, असें कायदा म्हणतो. निकालास विलंब होतो खरा. परंतु प्रतिज्ञापत्र पाहून, प्रसंगीं दुसऱ्या पक्षाची वाट न पाहतां, अंतरिम हुकूम देण्याचा अधिकार न्यायाधीशांस आहे. तिच्या कामाच्या ठिकाणीं जाणें, पत्रानें वा फोननें संपर्क साधणें, तिला आधार देणाऱ्या नातलगांस त्रास देणें, या सर्वांस त्या हुकुमानें मनाई करतां येते. हुकूम मोडल्यास एक वर्षापर्यंत कैद, वीस हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

यासाठीं पुरावा हवा. प्रत्येक प्रसंगाची तारीख, वेळ व साक्षीदार एका वहींत टिपून ठेवावे. धमकीचे संदेश रागानें पुसून टाकूं नयेत. अर्ज तयार करण्यास संरक्षण अधिकारी साहाय्य करतात. स्त्रीस, मग तिचें उत्पन्न कांहींही असो, जिल्हा विधि सेवा प्राधिकरणाकडून विनामूल्य वकील मिळूं शकतो. अडचणीच्या वेळीं 181 हा क्रमांक घरांतील प्रत्येकास पाठ असावा.

परंतु कायदा कितीही चांगला असला तरी कोर्टाच्या बांकावर एकटीनें बसणें कठीणच. पहिल्या तारखेस वडिलांनीं किंवा काकांनीं तिच्याशेजारीं बसावें. त्या दिवशीं लोक काय म्हणतील याची चिंता मागें पडेल. आपल्या पाठीशीं घर आहे, हें तिला कळेल, आणि त्यालाही.