भांड्यावर द्यायचं नाही!

परवा चिखलीच्या आमच्या घरी भांडेवाली दारात बसली होती. सूनबाईनं जुन्या कपड्यांचं बोचकं सोडलं, तर त्यात सासूबाईंचं शेवटचं नऊवारी लुगडं! मी ते झटकन ओढून घेतलं. स्टीलचा डबा हुकला म्हणून घरात थोडी कुरबुरही झाली.

पण माझं म्हणणं असं, की अशा लुगड्याची जागा गोधडीतच. वऱ्हाडी बोलीत तिलाच ‘वाकय’ म्हणतात. लॉर्ड मेयोनं १८७० मध्ये खामगावची रेल्वे सुरू केली आणि आपल्या कापसाच्या गाठी मुंबईमार्गे विलायतेला निघाल्या. घरात उरलं ते अंगावरून उतरलेलं कापड. बायकांनी तेच थरावर थर ठेवून धावदोऱ्यानं शिवलं. वरचा थर विरला, की गोधडी उसवत नाहीत. तिच्यावरच नवं लुगडं चढवतात. म्हणजे सगळ्यांत जुनं माणूस सगळ्यांत आत! आमच्या गोधडीचा कोपरा फाटला, तेव्हा आतून मामंजींचं धोतर डोकावलं. ज्यांना नातवानं पाहिलंही नाही, त्यांच्याच धोतराखाली तो रोज झोपतो. गोष्टीतला जादूचा गालिचा माणसाला दूरदेशी नेतो. ही मागच्या काळात नेते.

गोधडी जड असते, धुतली की दोन दिवस वाळत नाही, हे कबूल. प्रदर्शनात नव्या कापडाच्या, मशीनवर शिवलेल्या गोधड्या मिळतात. देखण्या असतात, पण त्यांच्या आत कुणी नसतं.

लुगडं धुऊन ठेवलंय. काल सूनबाई म्हणाली, ‘‘आई, सुई मी ओवून देते. टाके कसे घालायचे, ते दाखवा.’’