लोणारच्या काठावरचा कॅमेरा

हिंडावे, पाहिलेले लोकांना दाखवावे आणि त्यावर चरितार्थ चालवावा, या व्यवसायाची आज बुलढाणा जिल्ह्यातल्या अनेक तरुणांना ओढ आहे. ती स्वागतार्हच, पण हा व्यवसाय मोबाइलबरोबर जन्मला, हा समज मात्र घातक आहे. तेराव्या शतकात महानुभाव पंथाचे संस्थापक चक्रधरस्वामी लोणार-मेहकरच्या मुलखात हिंडले आणि त्यांच्यामागे म्हाइंभटांनी गावोगाव पायपीट करून, ज्याने पाहिले-ऐकले त्याच्याच तोंडून स्वामींच्या लीळा, म्हणजे आठवणी, मिळवल्या. पुढे महानुभावांच्या ‘स्थानपोथी’ने तर कोणते देऊळ कुठे, त्याचे दार कोणत्या दिशेला, इतके बारकावे टिपले. त्यामागे भक्ती होती, तशीच खातरजमेची शिस्तही होती.

ही शिस्त सुटली की काय होते, याचा दाखला लोणारचे सरोवरच देते. ‘ऐन-ए-अकबरी’त त्याची नोंद आहे, 1823 मध्ये अलेक्झांडर या ब्रिटिश अधिकाऱ्याने ते पाहिले, तरीही पुढे कित्येक दशके ते ज्वालामुखीचे विवर मानले गेले. उल्काघाताचा निर्णायक पुरावा 1973 मध्ये पुढे आला, तोही जमिनीत खोल छिद्रे घेऊन नमुने तपासल्यावर.

साधनांच्या नवलाईचे आयुष्यही तोकडेच. कल्याणच्या पटवर्धनांनी 1892 पासून पडद्यावर हलती चित्रे दाखवणारी ‘शांबरिक खरोलिका’ गावोगाव नेली. सिनेमा आला आणि ती मागे पडली. 1899 मध्ये मुंबईत कुस्ती चित्रित करणारे सावेदादा पुढे चित्रणच सोडून नाट्यगृहाच्या व्यवस्थापनाकडे वळले. विसाव्या शतकाच्या अखेरीस मिलिंद गुणाजींची ‘भटकंती’ ही दूरचित्रवाणी मालिका घराघरांत पोहोचली. पण ज्या वाहिनीवर ती लागे, त्या अल्फा मराठीचे नावही आता उरलेले नाही.

जून 2020 मध्ये सरोवर गुलाबी झाले आणि त्याची दृश्ये जगभर फिरली. क्षारता वाढून क्षारप्रिय सूक्ष्मजीव फोफावल्याचे कारण पुण्याच्या आघारकर संस्थेने शोधले. ते किती चित्रफितींत आले? काठावर उभे राहून दोन वाक्ये बोलायची आणि शेगावची वाट धरायची, असे करणाऱ्याला गावातले दैत्यसूदन मंदिर दिसतच नाही: तारकाकृती तळ, इंच न् इंच कोरलेल्या बाह्यभिंती, आणि मान वर केली की छतावर लवणासुर या दैत्याच्या वधाची कथा.

प्रायोजक बदलतील, माध्यमे बदलतील. या धंद्यात उतरू पाहणाऱ्यांनी ड्रोनचे हप्ते सुरू करण्याआधी आपल्याच तालुक्यातल्या एका गावात महिनाभर राहावे, म्हाताऱ्यांशी बोलावे, ऐकलेले पडताळावे आणि मगच कॅमेरा चालू करावा.