बिस्कीट चिकूचं, चहा बाबांचा

'कुत्र्यासाठी घरी बिस्किटं बेक करते,' असं ऑफिसात सांगून बघा. समोरचा आधी हसतो आणि मग विचारतो, 'एवढा वेळ मिळतो तुला?' त्यात तुम्ही माझ्यासारखे फ्रीलान्सर असाल, तर संपलंच! पण मंडळी, डेडलाइन डोक्यावर असतानाही गेले चार रविवार मी हेच करतेय.

चिकू आमचा लॅब्रेडॉर. वय सात, स्वभाव लाघवी, पोट अथांग. आई असताना सकाळच्या चहाबरोबर एक ग्लुकोज बिस्कीट तिचं आणि अर्धं चिकूचं, असा हिशोब होता. दोन वर्षांपूर्वी आई गेली आणि हिशोब बाबांकडे आला. अर्ध्याचं एक झालं, एकाची चार कधी झाली, कळलंच नाही. आणि मग डॉक्टरांनी चिकूला काट्यावर उभं केलं. ४३ किलो! 'मैदा आणि साखर आजपासून बंद. याचे सांधे किती भार उचलणार?'

बाबा शिस्तीचे. दुसऱ्या दिवसापासून बिस्कीट बंद. पण बाल्कनीतला चहाही बंद! चिकू टक लावून बघतो म्हणून ते ओट्याशी उभ्या उभ्या कप संपवायला लागले. तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली. ते बिस्कीट एकट्या चिकूचं कधी नव्हतंच.

मग आईचा ओटीजी बाहेर काढला. रेसिपी एकदम सोपी आहे. दोन वाट्या कणीक, अर्धी-पाऊण वाटी उकडून कुस्करलेला लाल भोपळा आणि एक अंडं. मीठ नाही, साखर नाही, सोडा नाही. घट्ट मळायचं, लाटायचं, बाटलीच्या झाकणाने छोटे गोल पाडायचे. १८० डिग्रीवर २५ ते ३० मिनिटं. मग ओटीजी बंद करून बिस्किटं आतच गार होऊ द्यायची. ही शेवटची पायरी मी पहिल्या रविवारी गाळली. बिस्किटं आतून ओली राहिली आणि तिसऱ्या दिवशी डब्यात बुरशी! प्रिझर्व्हेटिव्ह नसतं, तेव्हा खडखडीत वाळवणं मस्ट. डबा फ्रिजमध्ये आणि आठवड्यात फस्त.

आता सीरियस मुद्दा. आपल्या कुकीजमधलं सगळं त्यांना चालत नाही. चॉकलेट तर नाहीच. मनुका आणि द्राक्षं किडनीवर येतात, कांदा-लसणाने रक्तातल्या तांबड्या पेशी फुटतात. पीनट बटर घालायचं असेल तर आधी लेबल वाचा. त्यात झायलिटॉल असेल तर हात लावू नका. त्याने कुत्र्याची रक्तातली साखर धाडकन उतरते, लिव्हरही जाऊ शकतं. आणि घरचं म्हणून पोटभर, असंही नाही बरं का! दिवसभराच्या कॅलरीजमध्ये खाऊचा वाटा १० टक्क्यांच्या आत हवा. तेवढं जेवण बाऊलमधून कमी करायचं.

बाय द वे, कुत्र्यांची बिस्किटं हे आजच्या पेट पेरेंट्सचं फॅड नाही. जेम्स स्प्रॅट नावाच्या अमेरिकन माणसाने १८६०च्या दशकात लंडनमध्ये ती विकायला सुरुवात केली. त्याच्याकडे काम करणाऱ्या चार्ल्स क्रफ्टने पुढे १८९१ मध्ये स्वतःच्या नावाचा डॉग शो भरवला. तोच आजचा जगप्रसिद्ध 'क्रफ्ट्स'.

आमच्याकडचा शो मात्र बाल्कनीत, सकाळी सात वाजता. दुसऱ्या रविवारी मी बाबांच्या हातात डबा दिला. 'एकच द्यायचं, पण चार तुकडे करून. तो तुकडे मोजतो, ग्रॅम नाही.' बाबांनी काही न बोलता चहाचा कप उचलला आणि थेट बाल्कनीत जाऊन बसले. चिकू मागोमाग. पहिला तुकडा त्याने हवेतच झेलला.

महिन्याभरात चिकूचं दीड किलो उतरलंय. अजून पल्ला मोठा आहे. परवा मी लॅपटॉपवरून मान वर केली, तर बाबा चहात काहीतरी बुडवत होते.

'बाबा! ते चिकूचं आहे!'

'माहितेय,' बाबा शांतपणे म्हणाले. 'पुढच्या वेळी माझ्यासाठी जरा मीठ घाल.'