छायालेखकाचे श्रेय

गुरुदत्त यांच्या जन्मशताब्दीच्या निमित्ताने २०२५ साली त्यांच्या चित्रपटांचे पुन्हा स्मरण झाले, हे योग्यच झाले. परंतु त्या चित्रपटांना ज्यांनी प्रकाश दिला, त्या व्ही. के. मूर्ती यांची जन्मशताब्दी दोनच वर्षे आधी येऊन गेली, याची जाणीव किती रसिकांना होती? प्रश्न एका व्यक्तीच्या विस्मरणापुरता नाही. चित्रपटासारख्या सामुदायिक कलेत श्रेयाची वाटणी आपण कोणत्या न्यायाने करतो, असा तो आहे.

म्हैसूरचे मूर्ती बंगळूरला छायालेखन शिकून मुंबईस आले आणि ‘जाल’पासून (१९५२) गुरुदत्त यांचे छायालेखक झाले. ‘कागज के फूल’ (१९५९) हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट. रुंद पडद्याचा मोह भव्यतेचा. मूर्तींनी मात्र तो माणसाचे एकाकीपण दाखविण्यासाठी वापरला. ओसाड स्टुडिओत तिरपा उतरणारा तो प्रसिद्ध झोत त्यांनी आरशांवरून सूर्यप्रकाश वळवून साधला होता. १९६४ साली गुरुदत्त गेले. मूर्ती थांबले नाहीत. कृष्णधवलाकडून रंगाकडे आणि पुढे दूरचित्रवाणीकडे वळून त्यांनी ‘तमस’ व ‘भारत एक खोज’ या १९८८ च्या मालिकांसाठीही छायालेखन केले. गोविंद निहलानी यांनी उमेदवारी केली, ती त्यांच्याच हाताखाली.

अशा कलावंताला २००८ सालचा फाळके पुरस्कार मिळाला, तेव्हा त्यांचे वय ८६ होते. १९६९ पासून चालत आलेला हा सन्मान छायालेखक म्हणून कोणालाही मिळण्याची ती पहिलीच वेळ. ज्यांच्या नावाने तो दिला जातो, ते दादासाहेब स्वतः छायाचित्रणाचा व्यवसाय करून चित्रपटाकडे वळले होते, हे लक्षात घेतले म्हणजे हा विलंब अधिकच खटकतो.

कायद्याची दृष्टीही निराळी नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार स्थिर छायाचित्राचा कर्ता ते टिपणारा असतो. चित्रपटाचा कर्ता मात्र निर्माता. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार व संगीतकारांना मानधनाचा हक्क मिळाला; छायालेखक त्या कक्षेबाहेरच राहिला. दृश्याची कल्पना दिग्दर्शकाची असते आणि भांडवलाचा धोका निर्माता पत्करतो, हा युक्तिवाद खोटा नाही. परंतु कल्पना पडद्यावर उतरविणाऱ्याचे कर्तृत्व त्यामुळे नाहीसे होत नाही.

आज जुन्या चित्रपटांचे पुनरुज्जीवन होत आहे. छाया किती गडद असावी, चौकट कोठवर असावी, हे निर्णय संगणकापुढे बसून घेतले जातात. त्या वेळी हयात छायालेखकाचे मत घेणे आणि दिवंगताच्या हेतूचा अभ्यास करणे बंधनकारक असावे. मानधनाचा वाद न्यायालये व संसद सोडवतील तेव्हा सोडवोत. एवढी दक्षता घेण्यास मात्र कायद्याची वाट पाहण्याचे कारण नाही.