अणुपाणबुडीच्या पोटातील माणसे

अणुपाणबुडी म्हटले की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे अणुबॉम्ब उभा राहतो. एका वाचक भगिनीने पत्रातून हेच विचारले आहे : "जिच्यात अणुबॉम्ब असतो ती अणुपाणबुडी, असेच ना?" नाही, ताई. या नावातला 'अणु' इंजिनाचा आहे, शस्त्राचा नव्हे. एखाद्या अणुपाणबुडीत एकही अणुबॉम्ब नसेल, तरी ती अणुपाणबुडीच. हा फरक एकदा ध्यानात घेतला म्हणजे पुढचे सारे समजावयास सोपे जाईल.

साधी पाणबुडी डिझेलवर चालते. डिझेल जाळावयाचे तर हवा पाहिजे, आणि समुद्राखाली हवा आणावयाची कोठून? म्हणून पाण्याखाली ती बॅटरीवर चालते. संथ गेली तर बॅटरी काही दिवस पुरते, पण जोरात पळाली तर तासा-दोन तासांत उतरते. मग पृष्ठभागाजवळ यावयाचे, 'स्नॉर्केल' नावाची नळी पाण्याबाहेर काढावयाची आणि डिझेल इंजिन सुरू करून बॅटरी भरून घ्यावयाची. नेमकी हीच तिची धोक्याची वेळ. रडारला ती नळी दिसते, इंजिनाचा आवाज पाण्यातून दूरवर जातो. मगर पाण्यात राहते खरी, पण श्वासासाठी तिला नाक वर काढावेच लागते, तसे हे आहे. मुंबईच्या माझगाव गोदीत बांधलेल्या कलवरी वर्गाच्या सहाही पाणबुड्या याच डिझेलच्या जातीतल्या.

अणुभट्टीला मात्र हवा लागत नाही. तिच्यात काही जळतच नाही, युरेनियमचे अणू फुटतात आणि त्यातून उष्णता निघते. आपल्या घरातल्या प्रेशर कुकरचे उदाहरण घ्या. दाब वाढला की पाणी शंभर अंशांवरही उकळत नाही, अधिक तापत जाते. अणुभट्टीतले पाणी असेच प्रचंड दाबाखाली तापविले जाते. ते आपली उष्णता दुसऱ्या, वेगळ्या नळ्यांतल्या पाण्याला देते, त्या पाण्याची वाफ होते, वाफेने टर्बाइन फिरते आणि टर्बाइनने पंखा. म्हणजे शेवटी ही वाफेवर चालणारी आगबोटच! फक्त कोळशाच्या जागी युरेनियम आले. त्याच विजेने समुद्राचे पाणी गोडे करता येते, पाण्याचे विघटन करून श्वासासाठी प्राणवायू मिळविता येतो. अमेरिकेच्या नव्या पाणबुड्यांत एकदा भरलेले इंधन तीस वर्षांहून अधिक पुरते. मग ही पाणबुडी वर येते तरी कशासाठी? शिधा संपला म्हणून. साधारण तीन महिन्यांचे धान्य-सामान भरून ती निघते.

अशी पहिली पाणबुडी अमेरिकेची 'नॉटिलस'. 17 जानेवारी 1955 रोजी ती प्रथम अणुशक्तीवर चालली आणि 3 ऑगस्ट 1958 रोजी बर्फाखालून थेट उत्तर ध्रुवावर जाऊन आली. तेव्हा तिच्यात 116 माणसे होती. पहिल्या इंधनावर ती साठ हजार मैलांहून अधिक धावली. हे काम ज्याने तडीस नेले तो हायमन रिकोव्हर पोलंडमधून लहानपणी अमेरिकेत आलेल्या एका ज्यू कुटुंबातला. स्वभावाने महाकठोर. अणुपाणबुडीवर येऊ इच्छिणाऱ्या प्रत्येक अधिकाऱ्याची मुलाखत तो स्वतः घेई आणि भल्याभल्यांना घाम फोडी. पण त्याच्या या हट्टामुळेच सुरक्षिततेची शिस्त लागली, हे मान्य केले पाहिजे.

आता या पाणबुड्यांचे काम काय? एक जात शिकारी पाणबुड्यांची. शत्रूच्या जहाजांचा माग काढणे, त्यांच्यावर पाणतीर सोडणे हे तिचे काम. 1982 साली फॉकलंड बेटांवरून ब्रिटन आणि अर्जेंटिना यांचे युद्ध झाले. एप्रिलच्या आरंभी स्कॉटलंडहून निघालेली 'कॉन्करर' ही अणुपाणबुडी त्याच महिन्यात हजारो मैल कापून दक्षिण अटलांटिकमध्ये हजर झाली, आणि 2 मे रोजी तिने 'जनरल बेलग्रानो' ही अर्जेंटिनाची क्रूझर बुडविली. 323 माणसे मेली. ब्रिटनने जाहीर केलेल्या युद्धक्षेत्राबाहेर ती क्रूझर होती, म्हणून या हल्ल्याचा वाद पुढे वर्षानुवर्षे चालला. पण आरमारी दृष्टीने परिणाम असा झाला की अर्जेंटिनाची मोठी जहाजे, विमानवाहू नौकेसह, बंदरात परतली आणि युद्ध संपेपर्यंत बाहेर पडली नाहीत. एका न दिसणाऱ्या पाणबुडीच्या धाकाने सारे आरमार घरी बसले.

अणुपाणबुडी म्हणजे सर्वांत सरस, असे मात्र समजू नये. अणुभट्टीचे पंप सहसा बंद ठेवता येत नाहीत, त्यांची घरघर राहतेच. उलट बॅटरीवर चाललेली छोटी पाणबुडी अतिशय शांत असते. शत्रूची जहाजे पाण्यातल्या आवाजावरून पाणबुडी हुडकतात. त्या यंत्राला 'सोनार' म्हणतात (आपल्या गल्लीतला दागिने घडविणारा वेगळा!). स्वीडनची 'गॉटलंड' नावाची अणुभट्टी नसलेली पाणबुडी 2005 साली युद्धसरावात अमेरिकेच्या 'रोनाल्ड रेगन' या विमानवाहू नौकेपर्यंत जाऊन पोहोचली होती. किनाऱ्यालगतच्या उथळ पाण्यात अशी छोटी पाणबुडीच भारी पडते.

दुसरी जात क्षेपणास्त्रे वाहणाऱ्या पाणबुड्यांची. हिला शिकार करावयाची नसते, फक्त लपून राहावयाचे असते. शत्रूने अचानक अणुहल्ला करून जमिनीवरची सारी शस्त्रे नष्ट केली, तरी समुद्राच्या पोटात कोठेतरी एक पाणबुडी शिल्लक आहे, हे त्याला ठाऊक असावे आणि त्या भयाने त्याने हल्लाच करू नये, असा हा हिशेब. अण्वस्त्राचा पहिला वापर आम्ही करणार नाही, असे भारताचे जाहीर धोरण आहे. ज्याने पहिला घाव घालावयाचा नाही असे ठरविले, त्याला पहिला घाव सोसून उरणारे काहीतरी हवेच. म्हणून 'अरिहंत'. सोव्हिएत संघाकडून 1988 ते 1991 या काळात भाड्याने घेतलेल्या 'चक्र'वर आपले खलाशी ही विद्या शिकले. 'अरिहंत' 26 जुलै 2009 रोजी विशाखापट्टणमला पाण्यात उतरली, तिच्यातली अणुभट्टी ऑगस्ट 2013 मध्ये सुरू झाली, 2016 मध्ये ती नौदलात आली आणि 2018 मध्ये तिने पहिली गस्त पुरी केल्याचे जाहीर झाले. पुढे ऑगस्ट 2024 मध्ये 'अरिघात' दाखल झाली. या अणुभट्टीच्या मागे आपल्या तुर्भ्याच्या भाभा अणुसंशोधन केंद्रातली अनेक वर्षांची मेहनत आहे.

येथवर यंत्राची गोष्ट झाली. पण यंत्रात माणसे असतात, आणि त्यांचे हाल सहसा वर्तमानपत्रांत येत नाहीत.

4 जुलै 1961. सोव्हिएत आरमाराची 'के-19' ही पाणबुडी उत्तर अटलांटिकमध्ये होती. एका अणुभट्टीचे थंड करणारे पाणी गळू लागले, दाब शून्यावर आला, भट्टी तापत चालली. अशा वेळी कामी यावी अशी राखीव व्यवस्था तिच्यात बसविलेलीच नव्हती. घाईघाईने आरमार वाढविण्याच्या चढाओढीत ती राहून गेली होती. कप्तान झातेयेव याने हुकूम दिला की, दुसरी नळी जोडून भट्टीत पाणी सोडा. ते जोडकाम भट्टीच्या खोलीत शिरूनच करावयाचे होते. किरणोत्सर्गापासून वाचविणारे कपडे नव्हते. पोरे पाळीपाळीने आत गेली, काही मिनिटे काम करून ओकत बाहेर आली, मग दुसरी गेली. भट्टी थंड झाली. आत गेलेल्यांपैकी आठ जण तीन आठवड्यांच्या आत मेले. वाचलेल्यांना तोंड बंद ठेवण्याचा हुकूम झाला, आणि सोव्हिएत राजवट मोडकळीस येईपर्यंत ही हकीकत जगापुढे आली नाही. खलाशांनी मात्र त्या पाणबुडीला आपसांत नाव ठेवले होते, 'हिरोशिमा'.

अमेरिकेनेही 1963 साली 'थ्रेशर'बरोबर 129 माणसे गमावली, रशियाने 2000 साली 'कुर्स्क'बरोबर 118. 'कुर्स्क'च्या शेपटाकडच्या कप्प्यात 23 जण स्फोटानंतर काही तास जिवंत होते. त्यांच्यातल्या एका अधिकाऱ्याने अंधारात चाचपडत त्यांची नावे लिहून ठेवली. 2008 साली रशियाची 'नेर्पा' चाचणीसाठी समुद्रात असताना आग विझविणारा वायू चुकून सुटला आणि 20 जण गुदमरून मेले. त्यांत सैनिक तिघेच, उरलेले 17 चाचणीसाठी नेलेले नागरिक कामगार आणि तंत्रज्ञ. पाणबुडीत त्या दिवशी नेहमीपेक्षा कितीतरी अधिक, 200 हून जास्त माणसे होती. हीच 'नेर्पा' पुढे 2012 ते 2021 पर्यंत भारताकडे 'चक्र' या नावाने होती. त्या सतरा जणांची नोंद आपल्याकडे फारशी कोणी घेतली नाही, म्हणून येथे मुद्दाम लिहिले.

अपघात नसला तरी आतले जगणे सोपे नाही. ब्रिटनचे उदाहरण घेऊ, कारण तिकडे यावर बरेच उघड बोलले गेले आहे. एप्रिल 1969 पासून त्यांची एक तरी क्षेपणास्त्रवाहू पाणबुडी सतत समुद्रात असते. आत सव्वाशे-दीडशे माणसे. सहा तास काम, सहा तास विश्रांती. ना सूर्य, ना खिडकी. वार कळतो तो जेवणावरून, मासे आले म्हणजे शुक्रवार! 2014 पासून त्यांच्यात स्त्री अधिकारीही आहेत.

पाणबुडी स्वतः संदेश पाठवीत नाही. पाठविला की ठावठिकाणा उघड झाला. किनाऱ्यावरून येणारा संदेश तेवढा तिने ऐकावयाचा. पाण्यात साध्या रेडिओलहरी शिरत नाहीत, फार लांब लहरी तेवढ्या काही मीटर खोल जातात. आपल्याकडे तामिळनाडूत तिरुनेलवेलीजवळ यासाठी 'कट्टबोम्मन' हे केंद्र आहे. या मार्गाने संदेश अगदी कूर्मगतीने जातो, त्यामुळे शब्द मोजूनमापून. ब्रिटिश खलाशाला घरून आठवड्याला एक 'फॅमिलीग्राम' येतो. पूर्वी 40 शब्दांचा, पुढे ही मर्यादा 120 शब्दांपर्यंत गेली. बायको लिहिते, बाळाला दात आले, छत गळत होते ते दुरुस्त केले, आई बरी आहे. याला उत्तर देता येत नाही. पाठविण्यापूर्वी कोणीतरी अधिकारी तो वाचून पाहतो आणि दुःखाची बातमी असेल तर गाळतो.

मग घरी कोणी गेले तर? गस्तीवर निघण्यापूर्वीच खलाशाकडून लिहून घेतात : वडील, आई, पत्नी, मूल यांच्यापैकी कोणाचे बरेवाईट झाले, तर ते तुला समुद्रातच सांगावे की परत आल्यावर? सांगितले तरी पाणबुडी त्याच्यासाठी परत फिरणार नाही. पुष्कळ जण 'परत आल्यावर' असेच लिहितात म्हणे. पूर्वी ही गस्त तीन महिन्यांच्या आसपास असे. अलीकडे पाणबुड्या जुन्या झाल्या, दुरुस्तीला वेळ लागू लागला, आणि मार्च 2025 मध्ये एक ब्रिटिश पाणबुडी तब्बल 204 दिवसांनी फासलेनच्या तळावर परतली. तिच्या अंगावर शेवाळ चढले होते.

तीन महिन्यांसाठी लिहिलेले उत्तर आणि साडेसहा महिन्यांसाठी लिहिलेले उत्तर एकच असेल काय? वीस-बावीस वर्षांचे पोर त्या कागदावर सही करण्यापूर्वी घरी आईशी बोलत असेलच, आणि आई काय सांगत असेल ते घराघरांत वेगळे असेल.