संरक्षण कोणाला?

चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलपट्ट्यात एखादी विधवा आपल्या वाट्याची जमीन कसायला निघाली, की दीर धुऱ्यावर आडवे उभे राहतात. ती संरक्षण मागण्यास पोलीस ठाण्यात गेली, तर ‘ही दिवाणी बाब आहे’ असे ठरलेले उत्तर मिळते. मालकीचा निवाडा ठाणेदाराने करू नये, हे मान्य. परंतु जिवाची धमकी ही दिवाणी बाब कशी?

कायद्यानेही या स्त्रीला अर्ध्यावर सोडले आहे. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यातून अनुसूचित जमाती वगळल्या गेल्या आणि आदिवासी मुलीचा वाटा रूढीच्या हवाली झाला. २०२५ साली सर्वोच्च न्यायालयाने छत्तीसगडमधील एका गोंड स्त्रीच्या वारसांना समान वाटा दिला. पण निकाल आपोआप शेतापर्यंत पोचत नाही.

तरीही हाती काही साधने आहेत. २००६ च्या वनहक्क कायद्यानुसार विवाहितांचा पट्टा पती-पत्नीच्या संयुक्त नावे होतो. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याखाली राहत्या घराविषयी आदेश देताना न्यायालय जवळच्या ठाण्यास संरक्षण देण्यास फर्मावू शकते.

सावकाराविरुद्ध लढणारी आपली चळवळ घरातल्या अन्यायापुढे मात्र संकोचते. कार्यकर्त्यांनी पट्ट्यावरील नावे तपासावीत, अर्ज लेखी देऊन पोच घ्यावी आणि प्रश्न ग्रामसभेत मांडावा. पोलीस बंदोबस्त चार दिवसांनी उठतो. त्या बाईला पुढे गावातच राहायचे असते. तेव्हा गाव तिच्या पाठीशी हवे.